पंचांवाचून पंचनामा

८ जुलै २०२४ रोजी, सोमवारी सकाळी, भाईंदर रेल्वे स्थानकात एका पित्याने आणि त्याच्या कर्त्या वयाच्या मुलाने एकत्रच आपल्या आयुष्याचा शेवट केला, आणि स्थानकावरील कॅमेऱ्याने टिपलेले त्या प्रसंगाचे चित्रण, घरची माणसे धक्क्यातून सावरण्याच्या आतच, असंख्य अनोळखी लोकांच्या खिशांत जाऊन पोहोचले. त्या चित्रणात काय दिसते ते मी येथे लिहिणार नाही. ज्यांनी ते पाहिले आहे त्यांना त्याची आठवण करून देण्यात काही हशील नाही, आणि ज्यांनी पाहिलेले नाही त्यांच्या वाट्याला ते न येणे हेच इष्ट आहे. शिवाय ज्या कृत्याला या लेखाचा विरोध आहे तेच कृत्य शब्दांनी करणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. स्थानकाचे नाव मात्र घ्यावे लागते, कारण हा मजकूर त्याच शहराच्या रहिवाशांना उद्देशून आहे. दोन परक्या माणसांच्या अंतकाळाचे दृश्य पाहण्याचा, जवळ ठेवण्याचा आणि दुसऱ्याला धाडण्याचा अधिकार आपल्याला कोठून प्राप्त झाला, आणि तो झालाच नसेल तर आपल्या घरातील तेरा-चौदा वर्षांच्या मुलामुलींच्या डोळ्यांपुढे ते दृश्य जाऊ दिल्याचा दोष कोणाच्या नावे लिहावयाचा, असा हा प्रश्न आहे.

आकस्मिक मृत्यूकडे पाहण्याची एक रीत आपल्या कायद्याने फार पूर्वीच घालून दिली आहे, व तिचे नाव पंचनामा. त्या घटनेच्या बरोबर एक आठवडा अगोदर, १ जुलै २०२४ रोजी, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता अमलात आली आणि जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १७४ ची जागा कलम १९४ ने घेतली. परंतु रीत तीच राहिली, की माणसाला अनैसर्गिक मरण आले असता पोलीस अंमलदाराने जागेवर जावे, आसपासच्या दोन किंवा अधिक प्रतिष्ठित रहिवाशांना पंच म्हणून बोलवावे आणि त्यांच्या समक्ष मयताच्या स्थितीची नोंद करावी. असा एखादा कागद ज्याने हाताळला असेल त्याला त्याची भाषा परिचित असते: मयत इसम, वय अंदाजे अमुक, अंगात फिकट रंगाचा सदरा, मनगटावर घड्याळ, खिशात मासिक पास, चाव्यांचा जुडगा व रोख रुपये इतके, खाली पंचांच्या सह्या व पत्ते, पंचनामा सुरू केल्याची आणि संपविल्याची वेळ, त्यानंतर देहाची शवविच्छेदनासाठी रवानगी, मुद्देमालाची यादी, आणि सरतेशेवटी वारसाच्या ताब्यात देह दिल्याची पावती.

या कोरड्या भाषेच्या पोटात एक गाढ सभ्यता वसत आहे असे मला नेहमी वाटत आले आहे. पंच मयताकडे पाहतो तो उद्या न्यायासनापुढे साक्ष द्यावी लागेल म्हणून. वैद्यकीय अधिकारी पाहतो तो मृत्यूचे कारण ठरवावयाचे म्हणून. आणि वारस पाहतो तो ते माणूस त्याचे आहे म्हणून. यांतील प्रत्येकाच्या दृष्टीमागे एक कर्तव्य उभे असते, आणि जेवढे ते कर्तव्य तेवढाच त्याचा पाहण्याचा अधिकार. फोनच्या पडद्यावर तेच दृश्य पाहणाऱ्याची मात्र कोठे सही नसते, त्याला साक्षीला कोणी बोलावणार नसते, आणि त्याने पाहिल्यामुळे मयताचे, वारसाचे किंवा तपासाचे तिळमात्रही काम होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली पंडित परमानंद कटारा यांच्या प्रकरणात सन्मानाने जगण्याच्या घटनादत्त हक्काची व्याप्ती मृतदेहाच्या सन्मानापर्यंत नेली, आणि तीही फाशी गेलेल्या कैद्याच्या देहासंबंधात. ज्याला खुद्द राज्यसत्तेने देहान्ताची शिक्षा दिली त्याच्याही देहाची अप्रतिष्ठा होऊ नये असे जर आपले न्यायासन म्हणते, तर ज्यांनी कोणाचा काही अपराध केला नाही, केवळ ज्यांचे दुःख त्यांना असह्य झाले, त्यांचा अखेरचा क्षण चव्हाट्यावर मांडण्यास आपण कोणत्या न्यायाने धजावतो?

रेल्वे प्रशासनाला आणि पोलिसांनाही येथे एक प्रश्न विचारणे प्राप्त आहे. फलाटावरील कॅमेरे प्रवाशांच्या रक्षणासाठी बसविलेले असतात आणि त्यांतील चित्रण हे तपासाचे साधन, म्हणजे पंचनाम्याच्या कागदाइतकेच सरकारी दप्तर असते. तो कागद ठाण्याबाहेर गेला तर त्याची नक्कल कोणी, कोणाला, कोणत्या अर्जावरून दिली याचा जाब विचारता येतो. मग नियंत्रण कक्षातील चित्रण बाहेर पडते तेव्हा त्याची प्रत कोणी काढली, किंवा पडद्यासमोर मोबाइल कोणी धरला, हे सांगणारी नोंदवही का नसावी? कॅमेऱ्यांची संख्या वाढविल्याच्या घोषणा आपण नित्य ऐकतो. मीरा-भाईंदरमध्ये ते चौकाचौकांत आहेत, इमारतींच्या जिन्यांत आणि लिफ्टमध्येही आहेत. पण त्यांनी जे टिपले ते कोणाच्या ताब्यात आणि किती दिवस राहते, हा विषय गृहनिर्माण संस्थेच्या वार्षिक सर्वसाधारण सभेच्या विषयपत्रिकेवर क्वचितच येतो.

अशी चित्रफीत मुलापर्यंत कशी जाते हे पाहावयाचे तर त्यात कोणा दुष्टाचा हात शोधण्याची गरज नाही. प्रथम ती इमारतीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर येते. पाठविणारे काका खऱ्याखुऱ्या हळहळीने वर लिहितात, ‘आपल्याच स्टेशनवर घडले, फार वाईट वाटले, कमजोर मनाच्यांनी पाहू नये’. खाली जोडलेल्या हातांची चिन्हे उमटतात, कोणी ‘ॐ शांती’ लिहितो. आईचा फोन गृहपाठासाठी मुलीच्या हाती असतो, आणि आपोआप उतरलेली ती चित्रफीत गॅलरीत, मावशीच्या लग्नाच्या आणि गणपतीच्या छायाचित्रांच्या रांगेत, येऊन बसलेली असते. तेथून ती क्लासच्या ग्रुपवर जाते. २०२० च्या टाळेबंदीत ऑनलाइन शिकवणीसाठी जे वर्गावर्गांचे ग्रुप निघाले त्यांतील पुष्कळसे शाळा पुन्हा भरल्यावरही मोडले नाहीत, आणि मोठ्यांचे लक्ष मात्र त्यांवरून उडाले. तेथे विचारणा होते, ‘तुला आला का तो व्हिडिओ?’ आणि ज्याला आलेला नसतो तो मागून घेतो, कारण जे सर्वांनी पाहिले ते न पाहणारा त्या वयात भित्रा ठरतो.

आणि मीरा-भाईंदरच्या मुलाला पडदा मिटला तरी सुटका नसते. दूरदेशीच्या युद्धाचे चित्र निदान दूरदेशीचे तरी असते. येथे मात्र ज्या फलाटावरून उद्या सकाळी बोरिवलीच्या किंवा अंधेरीच्या कॉलेजला जावयाचे तोच फलाट, तोच पादचारी पूल, तोच इंडिकेटर. माझ्या परिचयातील एका घरातली अकरावीतली मुलगी त्यानंतर कित्येक दिवस गाडी पूर्ण थांबेपर्यंत स्थानकाच्या भिंतीला पाठ लावून उभी राहत असे, आणि आईने विचारले की ‘काही नाही गं, उगाच’ एवढेच म्हणे. तिने काय पाहिले होते हे तिच्या आईला महिन्याभराने, तेही तिच्या मैत्रिणीकडून, कळले.

शब्दांचा आणि दृश्यांचा परिणाम इतका थेट असतो काय, अशी शंका कोणी घेईल, म्हणून रेल्वेचाच एक दाखला देतो. व्हिएन्ना शहरात १९७८ साली भुयारी रेल्वे सुरू झाली; पुढील दशकाच्या मध्यास तिच्या मार्गावर आत्महत्या वाढल्या आणि तेथील वृत्तपत्रे त्यांची साद्यंत, ठळक मथळ्यांची वर्णने छापू लागली. १९८७ च्या मध्यास आत्महत्या रोखण्यासाठी झटणाऱ्या तेथील तज्ज्ञांनी वृत्तपत्रांना एक नियमावली दिली, वृत्तपत्रांनी आपले वर्णन आवरते घेतले, आणि त्याच वर्षाच्या उत्तरार्धात अशा घटना पूर्वार्धाच्या निम्म्याहूनही कमी झाल्या. जागतिक आरोग्य संघटनेची या विषयावरील मार्गदर्शक तत्त्वे अशाच अनुभवांवर उभी आहेत, आणि भारतीय प्रेस कौन्सिलने सप्टेंबर २०१९ मध्ये तीच स्वीकारून वृत्तपत्रांना बजावले की आत्महत्येची बातमी ठळक जागी आणि पुनःपुन्हा देऊ नये, पद्धतीचे वर्णन करू नये, छायाचित्रे वा चित्रफिती वापरू नयेत. मुंबई उच्च न्यायालयानेही जानेवारी २०२१ मध्ये वृत्तमाध्यमांना या बाबतीत संयमाची आठवण करून दिली. परंतु वृत्तपत्राला संपादक असतो, आणि मुद्रक-प्रकाशकाचे नाव व पत्ता अंकावर छापलेला असतो. इमारतीच्या ग्रुपला यांपैकी काहीच नसते, आणि वृत्तपत्राने जे छापण्याचे टाळले तेच सकाळच्या चहाबरोबर तेथे वाढले जाते. जून २०२० मध्ये एका तरुण अभिनेत्याच्या मृत्यूनंतर त्याच्या देहाची छायाचित्रे फिरू लागली तेव्हा ‘महाराष्ट्र सायबर’ने असे करणाऱ्यांवर कायदेशीर कारवाई होऊ शकते असा जाहीर इशारा दिला होता. इशारा योग्य होता. पण एका प्रसिद्ध माणसासाठी जी दक्षता शासनाने दाखविली ती स्थानकावरील अप्रसिद्ध माणसाच्या वाट्यालाही आली पाहिजे.

आपल्या पूर्वजांना मृत्यूची वार्ता पोहोचवावी लागतच होती. ती पोस्टकार्डाने येई, आणि वाचून झाली की ते कार्ड घरात ठेवीत नसत, फाडून टाकीत. स्मशानात लहान मुलांना नेत नसत, आणि देह अंगणात असेपर्यंत शेजारीण न बोलता त्या घरची लेकरे आपल्या घरी जेवावयास घेऊन जाई. यांतील काही चालींमागे अशौचाच्या कल्पना होत्या आणि त्यांचे समर्थन मी करीत नाही; परंतु कोणाला किती दाखवावयाचे, कधी दाखवावयाचे आणि दाखविलेले कोठे थांबवावयाचे याचे एक तारतम्य त्यांत होते. जून २०२३ मध्ये मीरा रोडच्या गीतानगरमध्ये एका स्त्रीची अमानुष हत्या उघडकीस आली तेव्हा त्या तारतम्याचा मागमूसही आपल्यात उरला नसल्याचे दिसून आले. घरातील भांड्याकुंड्यांपर्यंतचे तपशील वाहिन्यांवरून आणि फोनवरून अहोरात्र फिरले, आणि ज्या वसाहतीत ते घडले तेथील मुले आपापल्या मजल्यावर त्याच बातम्या पाहत बसली.

दृश्य आपल्या वारसांपासून तुटले की त्याला कोणतेही असत्य चिकटविता येते, आणि याची किंमत महाराष्ट्राने रक्ताने मोजली आहे. २०१८ च्या उन्हाळ्यात धुळे-मालेगाव भागात मुले पळविणाऱ्या टोळीची अफवा पसरली. तिच्याबरोबर जी दृश्ये फिरत होती त्यांत निष्प्राण बालकांच्या रांगा होत्या, आणि ती बालके वस्तुतः सीरियातील घौटा येथे २०१३ साली झालेल्या विषारी वायूच्या हल्ल्यात मारली गेलेली होती. कोणा सीरियन मातापित्यांच्या सर्वस्वाचे ते चित्र पाच वर्षांनी खानदेशात येऊन पुरावा म्हणून उभे राहिले. १ जुलै २०१८ रोजी साक्री तालुक्यातील राईनपाडा या गावी, आठवडी बाजाराच्या दिवशी, भिक्षेसाठी आलेल्या नाथपंथी डवरी गोसावी समाजातील पाच जणांना जमावाने ठेचून मारले. आणि त्या हत्येचेही चित्रण झाले, तेही फिरले. त्याच महिन्यात व्हॉट्सअॅपने भारतात एक संदेश एका वेळी पाचांहून अधिक ठिकाणी धाडण्यास बंदी केली. ज्या कोणी ती बालकांची दृश्ये पुढे धाडली होती त्यांतील बहुसंख्य आईबाप होते आणि आपल्या मुलांच्या काळजीनेच त्यांनी ती धाडली होती, हे मला त्या प्रकरणातील सर्वांत दारुण सत्य वाटते.

यावर एक आक्षेप घेतला जाईल, आणि तो गंभीर आहे. दृश्य दडपले तर अन्याय दडपला जाणार नाही काय? मणिपुरात ४ मे २०२३ रोजी स्त्रियांवर जो अत्याचार झाला त्याची देशाने दखल घेतली ती १९ जुलै रोजी चित्रफीत बाहेर आल्यावर. दुसऱ्याच दिवशी सर्वोच्च न्यायालयाने त्याची आपण होऊन दखल घेतली. भोपाळच्या वायुकांडानंतर पुरल्या जाणाऱ्या एका अनाम बालकाचे छायाचित्र जगासमोर आले नसते तर त्या अपराधाचे भान जगाला तितके आले नसते. हे मी मान्य करतो. पण मणिपुरातील चित्रफितीने जे साधावयाचे ते तपास यंत्रणेच्या आणि न्यायासनाच्या हाती पडून साधले; तिच्या पुढच्या प्रत्येक प्रतीने त्या स्त्रियांची केवळ पुन्हा विटंबना केली. जो नागरिक अत्याचाराचे चित्रण पोलिसांना, वकिलाला किंवा जबाबदार पत्रकाराला देतो तो पंच आहे, आणि त्याच्या धैर्याला माझा नमस्कार आहे. जो तेच चित्रण शाळकरी भाच्याच्या फोनवर धाडतो तो पंच नव्हे. शिवाय सत्य सांगावयाला देहच दाखवावा लागतो असेही नाही. ८ मे २०२० रोजी पहाटे औरंगाबादजवळ करमाड येथे, जालन्याहून भुसावळच्या दिशेने रुळांवरून पायी निघालेले सोळा मजूर मालगाडीखाली सापडले. त्या घटनेची जी छायाचित्रे देशाच्या स्मरणात राहिली त्यांत रुळांच्या मधोमध विखुरलेल्या भाकरी-पोळ्या होत्या. त्या छायाचित्रांनी टाळेबंदीतील श्रमिकांची जी कैफियत मांडली तिच्यात काय उणे राहिले?

आपल्या शहराने भाईंदर स्थानकातील त्या सकाळीपेक्षाही भीषण दिवस पाहिला आहे. ११ जुलै २००६ च्या सायंकाळी पश्चिम रेल्वेच्या गाड्यांत अकरा मिनिटांत सात स्फोट झाले, १८० हून अधिक माणसे गेली, आणि त्यांतील एक स्फोट मीरा रोड-भाईंदर भागात झाला. रुळांलगतच्या वस्त्यांतील माणसे घरातल्या अंथरुणावरच्या चादरी ओढून धावली. त्याच चादरींच्या झोळीत जखमींना उचलले आणि त्याच चादरी मृतांवर पांघरल्या. आज काशीमिऱ्याच्या महामार्गावर अपघात झाला की पहिले काही क्षण मोबाइल वर धरण्यात जातात, आणि ‘पोलिसांच्या भानगडीत कोण पडतो’ ही सबब त्यासाठी अजूनही सांगितली जाते. ती आता टिकण्यासारखी नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये आणि संसदेने २०१९ मध्ये मोटार वाहन कायद्यात कलम १३४-अ घालून अपघातग्रस्ताला मदत करणाऱ्याला संरक्षण दिलेले आहे.

कंपन्यांनी हे थांबवावे असे म्हणणे सोपे आहे आणि तसे म्हटलेही पाहिजे. परंतु न्यूझीलंडच्या ख्राइस्टचर्चमध्ये १५ मार्च २०१९ रोजी मशिदींवरील हल्ल्याचे थेट प्रक्षेपण झाले तेव्हा पहिल्या चोवीस तासांत फेसबुकला त्याच्या १५ लाख प्रती हटवाव्या लागल्या. एवढ्या बलाढ्य कंपनीलाही सुटलेले दृश्य माघारी बोलाविता येत नाही; ते पहिल्या हातांतच अडवावे लागते. ऑस्ट्रेलियाने १० डिसेंबर २०२५ पासून सोळा वर्षांखालील मुलांना समाजमाध्यमांवर खाते ठेवण्यास मनाई केली आहे. तिचे अनुकरण आपल्याकडे व्हावे अशी मागणी निघते; मात्र व्हॉट्सअॅपसारखी संदेशवहनाची साधने त्या मनाईत नाहीत, आणि आपल्याकडे ही दृश्ये मुख्यतः त्याच साधनाने, त्यातही घरच्याच माणसांकडून येतात.

म्हणून मुलांना आवरण्याआधी आपल्याला आवरणे भाग आहे. ग्रुप चालविणाऱ्याने मृत्यूचे दृश्य येताच ते काढून टाकावे आणि पाठविणाऱ्याला वेगळ्याने, अपमान न करता, फोन करून सांगावे. फोनमधील चित्रफिती आपोआप उतरण्याची सोय बंद करावी, आणि उतरलेले गॅलरीतूनही पुसावे, कारण ग्रुपमधून नाहीसे झालेले तेथे राहिलेले असू शकते. महापालिकेच्या मराठी, हिंदी, गुजराती व उर्दू शाळांतील शिक्षकांनी जूनमधील पहिल्या पालकसभेत या विषयाला अर्धा तास द्यावा. मुलाने काही पाहिले आहे असे कळले तर ‘कोणी पाठवला?’ हा पहिला प्रश्न नसावा आणि फोन काढून घेणे हा पहिला उपाय नसावा, कारण तसे केल्यास पुढचे दृश्य तो लपवून, एकटाच पाहील. त्याच्याजवळ बसावे, त्याला काय दिसले ते त्याला सांगावेसे वाटले तर ऐकावे, आणि त्याची झोप, भूक, शाळा बिघडत असेल तर संकोच सोडून मदत घ्यावी. ‘टेलि-मानस’ची १४४१६ ही विनामूल्य सेवा रात्रंदिवस चालू असते आणि तेथे मराठीत बोलता येते, मनात जीव देण्याचे विचार येणाऱ्या प्रौढासाठीही ती तितकीच आहे. संकटातील बालकासाठी १०९८ आहे.

उरते ते त्या घराचे, ज्याच्या माणसांचे अखेरचे क्षण आजही कोठल्या तरी दुव्यावर दाबले की सुरू होतात. आज अशा वारसाला ती चित्रणे स्वतःच शोधत, पुनःपुन्हा पाहत, एकेका कंपनीकडे एकेक तक्रार गुदरावी लागते. मीरा-भाईंदर, वसई-विरार पोलीस आयुक्तालय १ ऑक्टोबर २०२० पासून अस्तित्वात आहे. त्याच्या सायबर शाखेने रेल्वे पोलिसांशी सहकार्य करून अशी तजवीज करावी, की आकस्मिक मृत्यूच्या नोंदीचा क्रमांक दाखवून वारसाने एकच साधा अर्ज द्यावा, आणि चित्रण हटविण्यासाठीचा पुढील सर्व पत्रव्यवहार शाखेने करावा. देहाच्या ताब्याची पावती देताना त्याच टेबलावर हा अर्जाचा नमुनाही वारसाच्या हाती द्यावा. यासाठी नव्या कायद्याची वाट पाहण्याचे कारण नाही. एका परिपत्रकाने हे होण्यासारखे आहे.